रावणाचा टेकू

केरूच्या धाकट्या मुलीला, रुपालीला, जुळं झालं ते साल दोन हजार चोवीस. त्याच सालच्या ऑक्टोबरात, शारजातल्या अल मजाजमधल्या एका उंच बिल्डिंगच्या गच्चीवर, पाण्याच्या टाकीच्या सावलीत, केरूला वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी पहिली मिशी फुटली. म्हणजे चिकटवली गेली.

"बाबा, हिलो मत," सुलास्त्री म्हणाली.

"ये किसका बाल है?"

"फिलिपिनी मॅडम का. साफ है बाबा. शॅम्पू किया."

सुलास्त्री खाली तळमजल्यावरच्या लेडीज सलूनमध्ये कामाला होती. बाई इंडोनेशियाची, पस्तिशीची, बुटकी आणि तुरुतुरु चालणारी. सलूनमध्ये झाडून काढलेले केस तिने जाळीच्या कापडावर एकेक करून चिकटवले होते आणि पापण्या लावायच्या डिंकाने ती मिशी केरूच्या ओठावर बसवली होती. डिंकाला असा वास होता की केरूला एकसारखी शिंक येत होती, आणि शिंक आली की मिशीचं एक टोक सुटत होतं.

केरू त्या बिल्डिंगचा नातूर. तिकडे राखणदाराला नातूर म्हणतात. लॉबी पुसायची, कुणाची गाडी कुणाच्या जागेत लागली ते शोधायचं, लिफ्ट अडकली की आतल्या माणसाला बाहेरून धीर द्यायचा. वीस-बावीस वर्षं त्याने हेच केलं होतं आणि तेवढी वर्षं त्याच्या तोंडात दोनच शब्द होते, येस सर आणि येस मॅडम. तरी सुलास्त्रीला तोच हवा होता.

"हमारा देश में टीव्ही खलास, बाबा," तिने त्याला समजावून सांगितलं होतं. "दादी, पोता, मछली बेचने वाला, सब फोन देखता. पहले टीव्ही में इंडिया का सीरियल आता था, सास-बहू. मेरा मां रोज रोता था. अभी लोग को वही चाहिए, लेकिन फोन में, और छोटा. पहला मिनट में शादी, दूसरा मिनट में घर से बाहर."

तर तिने गोष्ट रचली होती. श्रीमंत इंडियन सासरा, गरीब इंडोनेशियन सून. सून सुलास्त्री स्वतः. सुनेची आईही तीच, फक्त डोक्यावरचा रुमाल बदलून. मुलगा कधी दिसायचाच नाही, तो कायम ऑफिसात असायचा, कारण त्याचं काम करायला कुणी मिळालं नव्हतं. फोन धरायला बिल्डिंगचा इलेक्ट्रिशियन लियाकत, फैसलाबादचा. त्याला नाटकात रस नव्हता, पण सुलास्त्री शूटिंगच्या दिवशी चिकन तळून आणायची.

"यल्ला, बाबा. गुस्सा करो. बहू को निकालो."

केरूने भुवया वर केल्या. लियाकत फोनमागून हसला. "चाचा, ये गुस्सा है? ऐसा लग रहा है किसी की गाड़ी का नंबर याद कर रहे हो."

तीनदा झालं, चारदा झालं. केरूच्या चेहऱ्यावर राग काही येईना. शेवटी सुलास्त्रीने हात टेकले. "बाबा, हिंदी छोड़ो. अपना गांव का भाषा बोलो. कुछ भी बोलो. उधर कोई समझता नहीं. मैं नीचे लिखेगा."

कुछ भी बोलो. कोई समझता नहीं. केरूने डोळे मिटले. राग धरण्याजोगं जगात कोण आहे, असा विचार केला, आणि विचार पुरता व्हायच्या आतच तोंड उघडलं.

"ए दौल्या!"

आवाज टाकीवर आपटून परत आला. पलीकडच्या टॉवरच्या कठड्यावरची कबुतरं उडाली.

"मेल्या, पंधरा वर्षं तुज्या पाठीमागं उभा रायलो! येकदा तरी वळून बगलास? माज्या लग्नात माज्या आधी तू फोटोत घुसलास! माजी बायको कोपऱ्यात आन् तू मधी, हार घालून! आन् घोरतोस, मेल्या, म्हशीवानी घोरतोस!"

सुलास्त्री सून होती हे विसरून मागे सरकली. तिचं ते मागे सरकणं इतकं खरं होतं की तेच ठेवलं. खाली तिने लिहिलं: या घराच्या उंबऱ्यावर तुझं पाऊल पुन्हा दिसलं तर मी तो उंबराच जाळून टाकीन.

*

दौलत म्हणजे केरूचा थोरला भाऊ. तोंडावर दादा. दौल्या हे नाव केरूने जन्मात कधी उच्चारलं नव्हतं, निदान मोठ्याने नाही.

संगमेश्वराकडच्या त्यांच्या वाडीत शिमग्याला नमनाचा खेळ होई आणि खेळात शेवटी रावण येई. लाकडाची दहा डोकी, आडव्या फळीवर बसवलेली, रंगवलेली. रावणाचा मान त्यांच्या, पाष्ट्यांच्या घराचा, आणि घरात थोरला दौलत. दौलत रावण झाला की पोरं आयांच्या पदरात शिरत. पण ती दहा डोकी एका माणसाच्या मानेला पेलणारी नव्हेत. म्हणून मागून एकाने बेचक्याच्या काठीने फळीला टेकू द्यायचा. हा टेकू म्हणजे केरू. अंगावर काळं घोंगडं, मान खाली, हातात काठी. लोकांना रावणाचे दोन पाय दिसत आणि मागे आणखी दोन. ते दोन केरूचे.

एकदा त्याने धीर करून विचारलं होतं, "दादा, यंदा मी घेऊ डोकी?"

दौलत म्हणाला होता, "तू? तुजा राग कोन बगनार?"

नंतर केरू आखातात आला. टेकूला पुतण्या लागला.

वाडीच्या खेळात एक रीत होती. राक्षसाचं सोंग घेणाऱ्याने खेळ संपल्यावर मुखवटा उतरवून लोकांपुढे हात जोडायचे आणि म्हणायचं: बोललं ते सोंग बोललं, माणूस बोलला नाही. माफी असावी. गच्चीवर त्या दिवशी सुलास्त्री "खलास!" म्हणाली तरी लियाकतने फोन बंद केला नव्हता, तो चिकनच्या डब्याकडे बघत होता. आणि केरूने सवयीने मिशी काढली, हात जोडले, फोनकडे बघून वाकला आणि ते वाक्य म्हटलं.

"ये क्या किया, बाबा?" सुलास्त्रीने विचारलं. त्याने सांगितलं.

ती म्हणाली, "हमारा उधर ईद में ऐसा करता. सब लोग. छोटा बड़ा को हाथ पकड़ के बोलता, माफ करो. बाहर का माफ, अंदर का भी माफ." तिने तो तुकडा कापला नाही. पहिल्या भागाच्या शेवटी तसाच ठेवला, आणि नंतर प्रत्येक भागाला.

त्यानेच घात केला म्हणायचा. रडणारी सून त्या देशात घरोघरी फोनवर होती. दुष्ट सासरेही पैशाला पासरी. पण सुनेला हाकलून देऊन मग मिशी हातात धरून माफी मागणारा सासरा कुणी बघितला नव्हता. लोक आधी शिव्या लिहीत आणि लगेच खाली माफ केल्याचं लिहीत. सुलास्त्रीच्या गावी, इंद्रामायूला, तिची आई शेजारणींना घेऊन बसायला लागली. केरूचं नाव पडलं पाक केरू. पाक म्हणजे तिकडे बाबा, मोठा माणूस.

लियाकत म्हणाला, "लो, पाक लग गया. अब चाचा हमारे हुए."

अल मजाजमधल्या इंडोनेशियन आया पोरांच्या गाड्या ढकलत तळ्याकाठी जाताना मुद्दाम बिल्डिंगसमोरून जाऊ लागल्या. एकीने रागाने बघून तोंड फिरवलं. दुसरी केळीच्या पानात भात बांधून घेऊन आली आणि हात जोडून म्हणाली, "बाबा, प्लीज. बहू को घर में लो. उसका पेट में बच्चा है."

"बच्चा?" केरू सुलास्त्रीकडे धावला. "बच्चा कब हुआ?"

"कल लिखा मैं," सुलास्त्री म्हणाली.

मग तिकडच्या कुठल्याशा पोराने केरूचं "ए दौल्या!" तेवढं कापून घेतलं आणि त्याच्याखाली ढोलकीसारखा ठेका टाकला. ए दौल्या, ए दौल्या, म्हशीवानी, म्हशीवानी. त्यावर शाळेतल्या मुली नाचल्या, नवरा-नवरी नाचले, एका होडीत कोळी नाचले, हातात जिवंत मासा घेऊन. सुलास्त्री फोन दाखवत होती आणि हसत हसत जमिनीवर बसत होती. केरूही हसला. इतकी माणसं आपल्या शब्दावर नाचताहेत, आणि एकालाही कळत नाही आपण काय बोललो. याहून सुरक्षित जागा जगात कुठे असेल?

*

जानेवारीत लिफ्टमध्ये चौदाव्या मजल्यावरच्या ईश्वरी मॅडम भेटल्या. पुण्याच्या. बरोबर त्यांची मुलगी इरा.

"केरूकाका, एक मिनिट हं," मॅडमनी लिफ्टचं बटण दाबून धरलं. "हा दौल्या कोण हो?"

"कोन दौल्या, मॅडम?"

"मम्मा, ही इज द बॅड फादर-इन-लॉ!" इरा ओरडली. "आवर नॅनी क्राईज एव्हरी सिंगल डे!"

"आमच्या फॅमिली ग्रुपवर आलंय, काका. आधी तो डान्स आला. मग माझ्या कोल्हापूरच्या मावशीने अख्खे एपिसोडच शोधून काढले. म्हणते, अगं, हा माणूस चक्क मराठीत बोलतोय. आम्ही सगळे एवढे हसलो ना! ते फोटोचं तर... पण काका, खरंच घुसले होते का ते फोटोत?"

"येस मॅडम," केरूच्या तोंडून निघून गेलं.

चौदाव्या मजल्याचं दार उघडलं, त्या उतरल्या, आणि केरू लिफ्टमधून तसाच वर गेला, खाली आला, पुन्हा वर गेला. कोल्हापुरात पोचलं म्हणजे आंब्याचा घाट उतरायचा तेवढा राहिला. घाटाखाली संगमेश्वर.

त्याने कावेरीला, आपल्या बायकोला, फोन लावला.

"कावेरी, तकडं काय... मोबाईलवर काय बगलंस का तू?"

"आता इचारताव?" कावेरी म्हणाली. "आख्खी वाडी बगतेय. पोरं साळंत जाताना नाचतायत. माज्या फोटूचं बोल्लाव ता बरा केलाव. तीस वर्सं माज्या मनात व्हता."

"आन् दादा?"

"भावोजींना नाय दावलान कुनी. रत्नांग्रीला नेलेवते, दम लागतोय त्यांना. आता खाटंवरच असतात. समदी पोरं त्यांच्यासमोर मोबाईल लपवतात. पन अवो, किती दीस लपवनार? काल ते इचारत व्हते, ही पोरं माजा नाव घेऊन कशाला नाचतायत."

केरूने त्या दिवसापासून मिशीला हात लावला नाही. सुलास्त्रीला सांगितलं, खलास. घरात आजारी भाऊ आहे, त्याला कळलं तर मला पुन्हा त्या दारात उभं राहता येणार नाही.

सुलास्त्रीने समजून घेतलं, पण तिच्या देशाने घेतलं नाही. पाक केरू कुठे गेले? आजारी आहेत का? सुनेने विष घातलं का? कुणी तरी त्यांच्यासाठी मशिदीत दुवा मागितली, त्याचाही व्हिडिओ आला. भात आणणारी आया बिल्डिंगखाली येऊन केरूला डोळ्यांनी बघून गेली आणि तिने फोनवर सगळ्यांना कळवलं की माणूस जिवंत आहे, लॉबी पुसतो आहे, पण वाळला आहे.

लियाकत म्हणाला, "चाचा, भाई को फोन करो. बोल दो ग़लती हो गई."

"क्या बोलूं? म्हैस जैसा बोला, ये ग़लती से बोला?"

"तो बोलो, हमारे फैसलाबाद में भैंस की बड़ी इज़्ज़त है."

*

फोन दौलतचाच आला. केरू लॉबीत कुंड्यांना पाणी घालत होता. फोनवर कावेरीचं नाव, म्हणून त्याने उचलला, आणि समोर पडदाभर एक कान दिसला. मोठा, केसाळ, पाळीला भोक असलेला. व्हिडिओ कॉल लावून दौलतने फोन कानाला धरला होता.

"केरू?" कान म्हणाला.

"दादा." केरूने झारी खाली ठेवली.

"बगितलं. समदं बगितलं. काल पोराकडनं मोबाईल हिसकून घेतला."

केरूला वाटलं, मिशी असती तर बरं झालं असतं. तोंड लपलं असतं.

"दादा, ता... सोंग बोल्लाला..."

"गप रव्ह. हात खाली सोडतोस तू."

"आं?"

"रावण हात खाली सोडीत नाय. तू शिवी देतोस आन् हात लोंबतो, भाजीच्या पिशवीवानी. हात वर. आन् मान हलते तुजी. मान हलवायची नाय. बाजूला आनिक नऊ डोकी हायत, त्यांनी कुठं जायाचं?"

केरूने कानाकडे बघत हात वर केला. लॉबीतून जाणाऱ्या एका अरब साहेबांना वाटलं आपल्यालाच केला. त्यांनीही केला.

"शिव्या बऱ्या हायत," दौलत म्हणाला. त्याला मध्येच खोकला आला, कान हलला, पडद्यावर घराचं आढं दिसलं, मग पुन्हा कान. "पन नवीन एक पन नाय. समद्या जुन्याच. तू तवा पन ह्याच द्यायचास."

"कवा?"

"मागं टेकू लावून असायचास तवा. घोंगड्याखाली पुटपुटायचास. तुला काय वाटलं, मी बहिरा? मेल्या, म्हशी, मुडद्या. दहा डोकी घेऊन मी पुडं उभा, आन् पाठीत तुज्या शिव्या. त्यानं तर मना राग चढायचा. पोरं भ्यायची ता त्या रागाला." त्याने दम घेतला. "तू आखातात गेलास आन् मागं पोरगा आला. पोरगा गप. नुस्ती काठी धरतो. तवापासनं माजा रावण पडला. कुनी बोलत नाय तोंडावर, पन पडला."

खाली ठेवलेली झारी कलंडून पाणी लॉबीभर पसरलं होतं, ते केरूला दिसलं नाही.

"ह्या शिमग्याला ये," दौलत म्हणाला. "डोकी तू घे. टेकू मी लावतो. बसून लावीन, खाटंवरनं लावीन, पन लावतो. आन् मागनं काय घालायच्या त्या शिव्या घालतो. मना पन लय साटलेल्या हायत."

"येतो दादा."

"आन् ता बगनाऱ्यांचा देश कुठला?"

"इंडोनेशिया."

"तकडं माजा नाव घेतात?"

"नाचतात दादा. शाळेतल्या पोरी, कोळी, समदी."

"बरं," कान म्हणाला. पण तो इतक्या सावकाश म्हणाला की तो किती खूश आहे ते केरूला समुद्रापलीकडून कळलं. "ती शेवटची माफी मागतोस ना, ती सोंगाचीच मागत जा. माजी नको मागूस. फोटोत मी घुसलोवतो."

त्या आठवड्यात केरूने शिमग्याची रजा टाकली. मिळाली. तिकीटही काढलं. सुलास्त्रीने त्या आनंदात सुनेला घरात घ्यायचं ठरवलं, म्हणजे अख्ख्या देशासमोर, थेट, फोन चालू ठेवून. मंगळवारी दुपारी गच्चीवर. तिकडे संध्याकाळ असते, लोक जेवायला बसलेले असतात. जाहिरात चार दिवस आधीपासून चालली होती.

*

मंगळवारी सकाळी केरू कचऱ्याच्या खोलीत पिशव्या बांधत असताना कावेरीचा फोन आला. आवाज ऐकूनच त्याला कळलं.

"भावोजी गेले, अवो. पहाटं. झोपेतच."

विमान पकडलं असतं तरी तो पोचेपर्यंत राख सावडायची वेळ झाली असती. दुपारपर्यंत सगळं आटोपणार होतं. त्याने पिशव्या बांधून पुऱ्या केल्या. लॉबी पुसली. मग सलूनच्या काचेवर टकटक केली.

सुलास्त्रीने ऐकलं आणि हातातला कंगवा खाली ठेवला. "बाबा, आज नहीं. मैं बोल देगा लोग को."

"क्या बोलेगी? मिशी निकाल."

गच्चीवर ऊन मऊ होतं. टाकीच्या सावलीत सुलास्त्रीने मिशी चिकटवली. डिंकाला तोच वास, पण केरूला शिंक आली नाही. लियाकतने फोन तिपाईवर लावला, कारण केरूने त्याला दुसरं काम सांगितलं होतं.

"मेरे पीछे खड़ा रह."

"कैमरे में आऊंगा?"

"नहीं. सिर्फ पांव."

"तो करूं क्या, चाचा?"

"गाली दे. धीरे धीरे."

लियाकत गोंधळला. "आपको? आज के दिन?"

"दे."

"पंजाबी में?"

"किसी में भी दे. लेकिन रुकना मत."

फोन सुरू झाला. सुलास्त्री सून होऊन दारात उभी राहिली. दार म्हणजे जिन्याचं दार. केरूच्या पाठीमागे लियाकतने घसा साफ केला आणि अगदी हलक्या आवाजात, लाजत लाजत सुरुवात केली. मग त्याला हळूहळू सूर सापडला. केरूने हात वर केला. मान हलू दिली नाही. डाव्या उजव्या अंगाला नऊ डोकी आहेत अशा बेताने तो उभा राहिला आणि त्याने हाक मारली.

"ए दौल्या!"

पुढचं काही बोलला नाही. हात तसाच वर ठेवून उभा राहिला. सुलास्त्रीने नंतर खाली काय लिहिलं ते त्याने कधी विचारलं नाही. सून आत आली, सासऱ्याच्या पाया पडली, सासऱ्याने बाजूला होऊन तिला वाट दिली. समुद्रापलीकडे लोक ताटं पुढ्यात घेऊन रडले. मग केरूने मिशी काढली, दोन्ही हात जोडले आणि वाकला.

"बोललं ते सोंग बोललं," तो म्हणाला. "माणूस बोलला नाही. माफी असावी."

फोनच्या काचेवर खालून वर उत्तरं चढू लागली, इतकी की वाचता येईनात. बाहेरचं माफ, आतलंही माफ. पाठीमागे लियाकत अजून शिव्या देत होता, त्याला थांबायचं कुणी सांगितलं नव्हतं.

दौलत बाबाजी पाष्टे, वय एकाहत्तर, माघी पौर्णिमेच्या आदल्या दिवशी, मंगळवारी, अकरा फेब्रुवारी दोन हजार पंचवीस रोजी पहाटे आपल्या घरी वारला.